ऑर्डरीचं पायताण

सुभाषनगरात दुपारी तीनला
हौसाक्काच्या हातात आरी असते
आणि माझ्या हातात लायब्ररीचं पुस्तक.
तिला वाचता येत नाही असं नाही,
दोन्ही हात गुंतलेले असतात, एवढंच.

आज बर्फाच्या देशातली गोष्ट.
थ्यात्सी नावाचा राक्षस देवांनी मारला.
त्याची पोर स्काडी
बापाचं शिरस्त्राण घालून, भाला घेऊन
देवांच्या दारात येऊन उभी राहिली.
"एकटी?" हौसाक्कानं वादी दातात धरली.
"भाऊबंद कुठं मेलं हुतं?"
पुस्तकात भाऊबंद नव्हते.

देव घाबरले,
आणि घाबरलेले देव तडजोड काढतात.
म्हणाले, सूड नको, आमच्यातला नवरा घे.
फक्त, पाय बघून निवडायचा.
मग त्यांनी अंतरपाट धरला
गुडघ्यापर्यंतच,
खाली पायांची रांग.

आरी थांबली.
चाळीस वर्षं हौसाक्का माणसांना
घोट्याच्या वर ओळखत नाही.
कागदावर पाय ठेवायला लावते,
पेन्सिल फिरवते, नाव विचारत नाही:
हा गवंडी,
हा बँकेत बसणारा,
हिनं उजव्या कडेवर पोरं वाढवलेली.

"मग?"
मग स्काडीनं सगळ्यांत देखणे पाय निवडले.
तिला वाटलं, बाल्डरचे असणार,
देवांमधला लाडका तो.
अंतरपाट दूर झाला
आणि निघाला न्योर्ड,
समुद्राचा म्हातारा.

"देखणं नव्हतं गं. धुतलेलं हुतं.
रोज खाऱ्या पान्यात उभारनाऱ्याची टाच
चकचकीतच असनार.
मी असतो तर म्हणलो असतो,
पाय नगं, पायतानं दावा.
पाय धुऊन येतोय मानूस,
पायतान कुठं धुऊन येतंय?
कोन टाच आपटतोय, कोन फरफटत चालतोय,
कोन उंबऱ्यातच घुटमळतोय,
समदं तळाला उमटतंय."

स्काडीची दुसरी मागणी: मला हसवा.
तर लोकीनं बोकडाच्या दाढीला दोरी बांधली
आणि दुसरं टोक...
मी चाचरले.
"बांधलं कुठं ते वाच की."
वाचलं.
शेजारच्या दुकानातला ठोकणीचा आवाज बंद पडला.
हौसाक्का पदरानं डोळे पुसत हसत राहिली.
स्काडीही हसली होती म्हणे.
तेवढ्यात देवांनी तिच्या बापाचे डोळे
आभाळात फेकले,
दोन तारे झाले.
घे, आता फिटलं.

"डोळं मागितलं हुतं व्हय तिनं?"

नऊ रात्री तिच्या डोंगरात,
नऊ त्याच्या किनाऱ्यावर.
त्याला लांडगे झोपू देईनात,
तिला समुद्रपाखरं.
यावर हौसाक्का काहीच बोलली नाही.
वेंगुर्ल्याचं तिचं सासर आमच्यात कुणी काढत नाही.
गगनबावड्याचा घाट ती एकदा उतरली
आणि एकदा चढली,
मला माहीत आहे ते इतकंच.

स्काडी परत गेली.
लाकडाच्या लांब फळ्या पायांना बांधून
बर्फावरून घसरत, खांद्याला धनुष्य.
"फळ्या बांधल्या कशानं?"
पुस्तकात नव्हतं.
"कातड्यानंच की. कुनीतरी वादी कापली असंल."
मग बराच वेळ रापीला धार लावत बसली.
"समद्या देवांचं पाय बघितलं तिनं.
तिचं कुनी बघितलं?"

दिवे लागल्यावर
उरलेल्या कातड्यातून तिनं तळ कापला,
अंदाजानं.
बाईचा, पण नऊ नंबर.
वर साधी वेणी, गोंडा नाही,
आणि तळ करकर वाजणारा,
लांडग्यांना आधी कळावं म्हणून.

खिळ्याला टांगलेलं आहे ते अजून.
परवा पुण्याचं गिऱ्हाईक
दुप्पट भाव द्यायला तयार होतं.
"ऑर्डरीचं हाय," हौसाक्का म्हणाली,
"बाई डोंगरातली हाय.
यायला येळ लागतोय."